गैरहजर राहण्याचा खटाटोप

गैरहजर राहणं हे जगातलं सगळ्यात सोपं काम आहे, अशी माझी समजूत होती. त्यात काही करायचंच नसतं. जायचं नाही, एवढंच. माझ्या वर्गातली पोरं सोयाबीन काढणीच्या दिवसांत हे काम इतक्या सहज करायची की मला त्यांचा राग यायचा. मी स्वतः मात्र जिल्हा परिषदेच्या शाळेतून निवृत्त होईपर्यंत कधी विनाकारण घरी बसले नाही. माझ्या हळदीच्या दिवशीसुद्धा मी सकाळची शाळा करून मग अंगाला हळद लावून घ्यायला बसले होते. सासूबाई ही गोष्ट येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायच्या, आणि कौतुकानं नव्हे. अशा बाईवर उतारवयात स्वतःच्याच कोर्टकेसला गैरहजर राहायची वेळ यावी आणि तेवढंही तिला धड जमू नये, याला काय म्हणावं ते तुम्हीच ठरवा.

केस साधी होती. शेलूबाजारात आमच्या आणि मनकर्णाबाईंच्या घराच्या मध्ये एक बोळ आहे. त्या बोळाचा मालक कोण, हे आमच्या आजेसासऱ्यांना ठाऊक नव्हतं, त्यांच्याही आजेसासऱ्यांना नव्हतं, आणि त्यावाचून कोणाचं काही अडलंही नव्हतं. मग मनकर्णाबाईंनी बोळाच्या बाजूच्या भिंतीत दार काढायचं मनावर घेतलं. तेव्हा त्यांच्याकडे म्हैस होती. दार निघालं असतं तर ती म्हैस रोज दोन वेळा माझ्या स्वयंपाकघराच्या खिडकीखालून, मोगऱ्याच्या कुंड्यांना अंग घासत गेली असती. मी हरकत घेतली. मनकर्णाबाई म्हणाल्या, "म्हैस काय तुमच्या घरात येऊन पुस्तकं वाचन काय?" हे त्या पिठाच्या गिरणीवर, सगळ्या बायकांदेखत म्हणाल्या. मीही तिथल्या तिथे, दळणाचा डबा हातात धरून जाहीर केलं, की माझ्या जिवात जीव आहे तोवर या बोळात दार निघणार नाही. त्यावर त्यांनी जाहीर केलं, की मॅडमनं माघार घेतली त्या दिवशी त्या अख्ख्या शेलूबाजारात पेढे वाटतील आणि बँड लावतील. एवढं बोलून झाल्यावर दोघींनाही कोर्टात जाण्यावाचून सभ्य मार्ग उरला नाही.

तालुक्याच्या कोर्टात मी हरले. म्हणून वाशीमला जिल्हा कोर्टात अपील केलं. अपिलाचा निकाल लागेपर्यंत सगळं जैसे थे ठेवा, दार काढू नका, बोळ वापरू नका, असा मनाई हुकूम मला मिळाला. अन्सार मिस्त्रीनं तोवर सागवानी चौकट तयार करून आणली होती. ती मनकर्णाबाईंच्या अंगणात भिंतीला टेकून उभी राहिली आणि तिच्यावर कोंबड्या बसू लागल्या.

दरम्यान बबनरावांना, म्हणजे मनकर्णाबाईंच्या यजमानांना, लकवा झाला. एक बाजू गेली आणि बोलणंही गेलं. हायवे रुंद झाला तेव्हा समोरचा रस्ता इतका उंच झाला होता की त्यांच्या घरातून बाहेर पडायचं म्हणजे उभ्या पायऱ्या चढायच्या. चाकांची खुर्ची आणली, पण ती पायऱ्यांवर कशी चढणार? बोळाकडून मात्र मारुतीच्या पारापर्यंत सपाट वाट आहे. पण बोळावर मनाई हुकूम होता. बबनराव बोळाच्या भिंतीला लागून असलेल्या खाटेवर पडून राहू लागले. त्यांच्या उशाशी एक स्टीलचं ताट आणि चमचा असे. चहा हवा असला की हळू वाजवायचे, सून राखी लवकर आली नाही की जोरात. त्यांच्या औषधपाण्याला म्हैस विकली गेली, पण केस राहिली, कारण म्हैस गेली हे कोर्टाला कोणी कळवलंच नाही.

आता आमच्या तारखांविषयी सांगायला हवं. अल्ताफची जीप सकाळी वाशीमला जाते. तिला सगळे 'तारीखवाली जीप' म्हणतात, कारण तिच्यात बसणाऱ्या बहुतेकांची कोर्टात काही ना काही तारीख असते. बायकांची सीट मधली, त्यामुळे मी आणि मनकर्णाबाई, दोन विरुद्ध पक्ष, मांडीला मांडी लावून बसायचो. गाव मागे पडेपर्यंत एकमेकींकडे बघायचंही नाही. लोक बघत असतात, जरा भान ठेवावं लागतं. गाव मागे पडलं की त्या पिशवीतून ओवा काढून माझ्या हातावर ठेवायच्या, कारण मला जीप लागते. कोर्टात पुकारा झाला की दोघी दोन बाजूंना उभ्या राहायच्या, तारीख पडली की निंबाखाली डबे उघडायच्या. मग त्या म्हणायच्या, "मॅडम, रेल्वे पाहून येऊ काय?" आमच्या गावाला रेल्वे नाही आणि मनकर्णाबाईंना रेल्वेचं विलक्षण वेड. स्टेशनच्या बाकावर बसून मिरचीभजी खात त्या गाडीतली माणसं बघायच्या. ही बाई माहेरी चालली, ही भांडून निघाली, असा एकेकीचा निकाल तिथल्या तिथे लावायच्या. परतताना गावाची शीव आली की आमचं बोलणं पुन्हा बंद.

या जीपचा एक कायदा आहे. तो कुठे लिहिलेला नाही, पण पाळतात सगळे. पुकारा झाला आणि माणूस जागेवर नसला, तर जीपमधल्या कोणीही पुढे होऊन म्हणायचं, "येऊन राह्यला साहेब." माणूस चहाला गेला किंवा आडोशाला गेला एवढ्यावरून त्याची केस जाऊ नये, हा त्यामागचा हेतू. मला हा कायदा फार आवडायचा. पुढे तोच माझ्या मुळावर येईल हे मला काय माहीत?

तर एक दिवस 'हे' धनजला एका नातेवाइकाच्या तेरवीला गेले होते आणि मी न्हाणीत पाय घसरून पडले. पाऊल भलतीकडेच वळलेलं दिसत होतं. 'वाचवा' वगैरे ओरडणं मला जमेना. मी शाळेतल्या आवाजात म्हणाले, "कोण आहे तिकडे?" बराच वेळ म्हणत राहिले. पुढचं दार आतून बंद, रस्त्यावर ट्रकांचा आवाज, ऐकणार कोण? मग भिंतीपलीकडून ताट वाजू लागलं. चहाचं नव्हे, राखीचंही नव्हे. असं वाजवणं मी कधी ऐकलं नव्हतं. बबनराव एका हातानं ताट बडवत होते आणि थांबायला तयार नव्हते.

पुढच्या क्षणी बोळाकडच्या कुंपणाची काटी बाजूला सारून मनकर्णाबाई माझ्या परसात उभ्या.

"मॅडम! काय झालं वो?"

माणसाच्या तोंडून नको त्या वेळी काय निघेल, सांगता येत नाही. मी फरशीवर पडल्या पडल्या म्हणाले, "तुम्ही बोळातून आलात? तिथे मनाई हुकूम आहे."

"हाव, मालूम हाय मले. मंग वापस जाऊ काय?"

मी थोडा विचार केला आणि म्हणाले, "आता आलाच आहात तर राहू द्या."

त्यांनी मला उचललं. उचललं म्हणजे खरोखर उचललं. म्हशीचं रेडकू उचलणारे हात होते ते. अल्ताफला हाक मारून जीप आणवली आणि वाशीमच्या दवाखान्यापर्यंत माझं पाऊल मांडीवर घेऊन बसल्या. वाटेत ओवाही दिला. बबनरावांनी ताट वाजवलं नसतं आणि ही बाई हुकूम मोडून आली नसती, तर मी संध्याकाळपर्यंत त्या ओल्या फरशीवर पडून राहिले असते. हे मी प्लास्टर घातलेला पाय उशीवर ठेवून रोज स्वतःला सांगत होते आणि भिंतीपलीकडे ताट वाजलं की मला कसंतरी होत होतं.

अशात माझे वकील उदयसिंग भेटायला आले. पायाची चौकशी झाली, चहा झाला, मग त्यांचा चेहरा उजळला.

"मॅडम, तुमचं नशीब जोरावर हाय! गैरअपीलदार बाई बोळातून आली ना? म्हंजे मनाई हुकूम मोडला. थेट तुमच्या डोळ्यादेखत! एक अर्ज टाकतो, बाई सरळ होते."

"अहो, मी न्हाणीत पडले होते."

"ते आपुन अर्जात लिहायचंच नाई."

भिंतीपलीकडे ताट वाजलं. हळू, चहाचं. मी म्हणाले, "वकीलसाहेब, मला ही केस नको."

त्यांनी कप खाली ठेवला. "मंग काढून घ्यायचा अर्ज द्या."

माझ्या डोळ्यांपुढे पेढे आले. पाठोपाठ बँड आला. गिरणीवरच्या सगळ्या बायका पेढे खाताना दिसल्या. "अर्ज न देता काही होत नाही का?"

उदयसिंगांनी छताकडे पाहिलं. "होते. काईच करू नका. तारखेवर तुमी येऊ नका, मीही उठत नाई. पुकारा होईन, कोनी ओ देनार नाई, अपील गैरहजेरीत खारीज. त्याच्यासंगं मनाई हुकूमही गेला."

"म्हणजे मी हरले असं होईल?"

"हारल्या नाई मॅडम. आल्या नाई."

मला हा माणूस त्या दिवशी पहिल्यांदा हुशार वाटला. ह्यांना मात्र पटलं नाही. "भिंतीवरून सांगून टाक ना त्यांना, काढा दार म्हणून," हे म्हणाले. सरळ सांगून मिटलं असतं तर सरकारनं एवढी कोर्टं कशाला बांधली असती, असं मी त्यांना विचारलं. ह्यांनी पेपर तोंडापुढे धरला.

पहिल्या तारखेला माझा पाय प्लास्टरमध्येच होता, त्यामुळे काम सोपं होतं. मी खाटेवर पडून राहिले आणि खारीज व्हायची वाट पाहिली. संध्याकाळी मनकर्णाबाई आल्या, पुढच्या दारानं, रीतसर. हातात भज्यांचा पुडा.

"मॅडम, बिलकुल फिकर करू नका. तुमचा पुकारा झाला, वकील दिसे नाई. मंग मीच उभी राह्यली. म्हंतलं साहेब, मॅडमचा पाय मोडला हाय, तारीख द्या."

"तुम्ही सांगितलंत?"

"हाव ना. साहेब म्हने, बाई, तुमी त विरुद्ध पक्षाच्या हाय. मी म्हंतलं, मंग काय झालं साहेब? पाय त मोडलाच हाय ना तिचा?"

साहेब हसले म्हणे, आणि त्यांनी पुढची तारीख दिली. मला मनकर्णाबाईंचे आभार मानावे लागले. भजी गार झाली होती, पण चांगली होती.

दुसऱ्या तारखेपर्यंत प्लास्टर निघालं. या वेळी मी बंदोबस्त केला. आठवडाभर काठी न घेता गल्लीतून फिरले, म्हणजे माझी तब्येत ठणठणीत आहे याला साक्षीदार झाले. मनकर्णाबाईंना सांगितलं, की जीप लागते म्हणून मी यष्टीनं येते, तुम्ही व्हा पुढे. आणि ह्यांच्यासोबत धनजला जाऊन बसले. ज्यांच्याकडे गेलो त्यांना आमच्या येण्याचं कारण कळेना. त्यांनी भीत भीत विचारलं की घरी सगळं ठीक आहे ना. संध्याकाळी परतलो तर अल्ताफ आमच्या ओट्यावर बसून होता.

"मॅडम, आपुन टाइमावर होतो म्हनून वाचली केस! पुकारा झाला, मी म्हंतलं, येऊन राह्यली साहेब, यष्टी पंक्चर झाली."

"अरे, पण तुला कोणी सांगितलं होतं?"

"सांगाव कायले लागते? आपला कायदा हाय ना."

साहेबांनी प्रकरण दुपारी ठेवलं. दुपारी कोणी ज्येष्ठ वकील वारल्याची बातमी आली, कामकाज बंद झालं आणि साऱ्या जिवंतांना पुढची तारीख मिळाली. अल्ताफ यष्टी स्टँडवर दोनदा मला शोधूनही आला होता. त्याला रागवायला माझी जीभ वळेना. मी त्याच्यासाठी पोहे केले.

तिसऱ्या वेळी मी सगळ्या वाटा बंद केल्या. तारखेचे संदेश आमच्या मोबाईलवर येतात आणि मनकर्णाबाईंना मीच वाचून दाखवते. आदल्या दिवशी मी त्यांना सांगितलं की साहेब रजेवर आहेत, उद्या तारीख नाही. अल्ताफलाही तेच सांगितलं. मनकर्णाबाईंनी ओट्यावर धुतलेलं चांगलं लुगडं वाळत घातलं होतं. ते त्यांनी काढलं, घडी घातली आणि आत गेल्या. चेहरा उतरलेला होता. मला वाटलं, दाराची काळजी असेल, आणि मी मनात म्हटलं, थांबा बाई, उद्या तुमचं दार तुम्हाला मिळतंय.

दुसऱ्या दिवशी दुपारी उदयसिंगांचा फोन आला. आवाज पडलेला.

"मॅडम, गडबड झाली. मी दुसऱ्या केससाठी त्याच कोर्टात बसलो होतो. तुमच्या अपिलाचा पुकारा झाला आन् मी उठलोच. तोंडातून 'हजर साहेब' निंगून गेलं. सवय हो. झोपेत कोनी माझं नाव घेतलं तरी मी हजर म्हनतो, बायको हासते."

साहेब चिडले होते. अपीलदार कुठे आहे, केस चालवायची आहे की नाही, असं विचारून त्यांनी 'शेवटची संधी' असा शेरा मारला होता. ही बातमी शेलूबाजारात जीपच्या आधी पोहोचली. साहेब रजेवर आहेत असं मी सांगितलं होतं, त्यावर मॅडमनं संदेश चुकीचा वाचला असेल, असं गावानंच ठरवून टाकलं. आणि मग माझ्या ओट्यावर जो लोंढा सुरू झाला, तो माझ्या निरोप समारंभालाही नव्हता. गिरणीवाल्या बायका आल्या. "मॅडम, आता हयगय करू नका," म्हणाल्या. ज्यांनी माझ्याविरुद्ध मनकर्णाबाईंना सल्ले दिले होते, त्याही आल्या, कारण केस गेली तर गावात बोलायला राहणार काय? एकानं मोटारसायकल देऊ केली. एका माजी विद्यार्थ्यानं स्वतःची चारचाकी दाराशी आणून उभी करतो म्हणून वचन दिलं. हा चौथीत महिनोन्महिने गैरहजर असायचा. एका आजींनी उंबराला प्रदक्षिणा सांगितल्या. माझ्या हजेरीसाठी सारं गाव कंबर कसून उभं होतं. मला रडावं की हसावं कळेना, पण सांगते, त्या रात्री झोपताना मला बरंही वाटलं. माझी एवढी काळजी आहे या लोकांना, हे एरवी कधी कळलं असतं?

ती तारीख उजाडली. मी ठरवलं होतं की आज आडून काही नाही. मनकर्णाबाईंना घरीच अडवून धरायचं, मग वेळ निघून जाईपर्यंत समोर बसून राहायचं. त्यांच्या घरी गेले तर त्या केव्हाच तयार होत्या. तेच चांगलं लुगडं, केसांना तेल, पिशवीत भाकरीचा डबा, ओव्याची पुडी. बबनराव खाटेवर, नजर भिंतीकडे. राखी त्यांना भरवत होती.

"मनकर्णाबाई, आज आपण जायचं नाही," मी म्हणाले.

"काहून? शेवटची संधी हाय म्हनते ना. केस जाईन तुमची!"

"जाऊ दे. मला जायलाच हवी आहे. मी मुद्दामच येत नव्हते इतके दिवस. केस गेली की तुम्ही दार काढू शकता. बबनरावांना बाहेर नेता येईल." हे सगळं मी एका दमात बोलले. मान खाली गेली वगैरे काही झालं नाही. मान होती तिथेच होती.

मला वाटलं, आता पेढ्यांचा विषय निघणार. पण मनकर्णाबाई पिशवी मांडीवर घेऊन खालीच बसल्या.

"मंग मी कायले निंगू घरातून?"

मला कळलं नाही.

"राखी लय गुनाची हाय, ते काई नाई म्हनत. पन बाजारात जातो म्हंतलं का सारे म्हनतात, बुढ्याले सोडून? भावाकडे जातो म्हंतलं, बुढ्याले सोडून? कोर्टाची तारीख म्हंतली का कोनी तोंड उघडत नाई. सरकारचं काम पडलं ना ते. तेवढा एक दिस मले मोकळा भेटते, मॅडम. तुमच्यासंगं भाकर खातो, रेल्वे पाह्यतो. तुमची केस गेली त माझी रेल्वे गेली."

"आणि दार?"

"दार त पायजेच वो. बुढा दिसभर त्या भिंतीकडे पाह्यत राह्यते. दर तारखेले घरून ठरवून निंगतो, का आज काई बोलाव नाई, जाऊ द्याव केस. आन् पुकारा झाला का तोंडातून निंगूनच जाते, साहेब, तारीख द्या." त्यांनी पदर डोळ्याला लावला. "मले माहा दिस पायजे आन् त्याले त्याचं दार पायजे. मी काय करू सांगा?"

मी शाळेत ढीगभर रजेच्या चिठ्ठ्या वाचल्या आहेत. पोट दुखतं, मामाचं लग्न आहे, आजी वारली. इतकं खरं कारण मला कधी कोणी सांगितलं नव्हतं. आणि मला हेही कबूल करायला हवं की त्या निंबाखालचा डबा मलाही हवा होता. ह्यांच्याशी माझं बोलणं होतं, नाही असं नाही, पण ह्यांना रेल्वेतली कोणती बाई भांडून निघाली आहे ते ओळखता येत नाही. खाटेवर बबनरावांनी मान वळवली होती. ते बायकोकडे बघत होते. त्यांनी चमचा उचलला आणि ताटावर एकदाच, अगदी हळू टेकवला. राखीनं डोळे पुसले.

बाहेर अल्ताफचा हॉर्न वाजला. मी म्हणाले, "उठा."

"कुठं?"

"वाशीमला. तुमचा दिवस आहे तो, तुम्हाला मिळालाच पाहिजे. फक्त कोर्टात जायचं नाही."

जीपमध्ये बसल्यावर मी सगळ्यांना बजावलं, की आज माझ्या नावाला कोणी ओ द्यायची नाही. जीपमध्ये गोंधळ उडाला. "असं कसं मॅडम, कायदा हाय आपला!" "गावाची इज्जत जाईन!" मग मी शाळेतला आवाज काढला. जीप गप्प झाली. त्यातले निम्मे माझेच विद्यार्थी होते. तरी अल्ताफचा मला भरवसा नव्हता. बाकीच्यांना कोर्टाशी उतरवलं आणि अल्ताफला जीपसकट आमच्याबरोबर स्टेशनवर नेलं.

तिघं बाकावर बसलो. भजी घेतली. कोर्टात आता पुकारा होत असेल, कोणीच उठत नसेल, असं सारखं मनात येत होतं, आणि खरं सांगते, माझे पाय उभं राहायला शिवशिवत होते. आयुष्यभराची सवय. मनकर्णाबाईंनी माझ्या गुडघ्यावर हात दाबून ठेवला. अल्ताफ तर दोनदा उठला आणि दोनदा मी त्याला बसवला. गाडी आली. मनकर्णाबाई खिडक्या बघत राहिल्या. निळ्या साडीतल्या एका बाईकडे बोट दाखवून म्हणाल्या, "हे पाहा, हे लेकीच्या बाळंतपनाले चालली. डिंकाचे लाडू हायत त्या डब्यात." गाडी हलली तेव्हा फोन वाजला.

"मॅडम," उदयसिंग कुजबुजत होते, "मी पुकारा होईपर्यंत बाररूममध्ये कानात बोटं घालून बसलो. झालं काम. खारीज."

मी ते मनकर्णाबाईंना सांगितलं. त्यांनी भजं खाली ठेवलं.

"म्हंजे मी जितली?"

"नाही. मी आले नाही."

त्यांनी भजं परत उचललं. मी ताठ बसून वाट पाहत होते. अखेर मीच विचारलं, "मग पेढे? आणि बँड?"

"पेढे नाई वाटत," त्या म्हणाल्या. "तुमाले खव्यानं पित्त होते." आणि त्यांनी अल्ताफला आणखी भजी आणायला पाठवलं.

चौकट बसवायला अन्सार मिस्त्री आला तेव्हा निम्मा वेळ कोंबड्यांची घाण खरवडण्यात गेला. दार निघालं. राखीनं खुर्ची ढकलली आणि बबनराव उंबऱ्यावरून बोळात आले. उन्हामुळे डोळे मिचकावले, मोगऱ्याच्या कुंड्यांकडे पाहिलं, मग वर, माझ्या खिडकीकडे. मला त्यांना बरंच काही सांगायचं होतं. त्या दिवशी तुम्ही थांबला नाहीत, हात दुखला असेल तरी थांबला नाहीत, तुमचे उपकार आहेत माझ्यावर, असं. पण त्याआधीच मांडीवरचं ताट बबनरावांनी हळू वाजवलं. मी चहा टाकला, साखर जरा जास्त घातली.

आता हे रोज सकाळी पेपर घेऊन बोळात बसतात आणि बबनरावांना बातम्या वाचून दाखवतात. न आवडलेल्या बातमीला ताट जोरात वाजतं. ह्यांना इतका मन लावून ऐकणारा श्रोता लग्नानंतर पहिल्यांदाच मिळाला आहे.

महिना होत आला तशी मनकर्णाबाईंची चुळबूळ सुरू झाली. दारात यायच्या, कुंड्यांना पाणी घालायच्या, पुन्हा आत जायच्या. मग एका संध्याकाळी मीच खिडकीतून मोठ्यानं म्हणाले, "राखी, उद्या आमची तारीख आहे गं वाशीमला."

"पन मॅडम," राखी बाहेर येऊन म्हणाली, "केस त खारीज झाली ना?"

"झाली. पण त्यानंतरचंही काम असतं."

राखीनं सासूकडे पाहिलं, मग माझ्याकडे. पदर तोंडाला लावून हसली. "हाव, मोठं काम असते ते. जा तुमी. बाबांले पाह्याले मी हाओ, काका हायत."

सकाळी मी पोळीभाजीचा डबा भरत होते. रस्त्यावर अल्ताफचा हॉर्न झाला आणि पाठोपाठ बोळातून कोर्टाच्या शिपायाच्या चालीवर मनकर्णाबाईंचा खणखणीत आवाज आला, "अपीलदार वैजयंतीबाई, हाजीर होऽऽ!" बबनरावांनी ताट बडवलं. मी पिशवी खांद्याला अडकवली, मागचं दार उघडलं, कुंपणाची काटी सारली आणि बोळात पाय ठेवून म्हणाले, "हजर."